मोएरोआचे पंधरा टक्के

आमच्या रारोटोंगा बेटावर लोक लग्न करायला विमानानं येतात. ऑकलंडहून, ब्रिस्बेनहून, कधी पार लंडनहून. वाळूत अनवाणी उभं राहायचं, डोक्यावर अनंताच्या फुलांचा मुकुट घालायचा, मागे समुद्र असला की झालं. त्यांना वाटतं समुद्र, वाळू, फुलं, भाजलेलं डुक्कर आणि वाजंत्री हे सगळं आपोआप तिथं असतं. ते कुणीतरी आणून ठेवावं लागतं. आमच्या तितिकावेका गावात ते मोएरोआ आणून ठेवायची.

मोएरोआ माझी शेजारीण. आमच्या दोघींच्या परसात एकच नीरफणसाचं झाड आहे, खोड तिच्याकडे आणि फळं माझ्याकडे. मी गावच्या शाळेत शिकवायचे आणि ती हॉटेलात चादरी बदलायची. एकदा क्राइस्टचर्चची एक नवरी रिसेप्शनच्या पायरीवर बसून हमसून हमसून रडत होती. लग्नाचा पोशाख असलेली तिची बॅग विमानानं भलतीकडेच नेली होती. मोएरोआ घरी आली, रविवारी चर्चला घालायचा आपला पांढरा झगा काढला, कमरेत टाके घातले आणि त्या मुलीला घातला. फुलं आणली, पाद्रीबुवांना शोधून आणलं, वाजवणारे आणले. ती मुलगी लग्न करून गेली आणि तिनं आपल्या साऱ्या मैत्रिणींना सांगितलं. त्यानंतर मोएरोआनं चादरी बदलल्या नाहीत.

तिचा एक नियम होता. नवरा-नवरी पहिल्यांदा भेटले की चहा पुढे ठेवून ती सांगायची, "माझी फी एवढी, ती मला द्या. फुलांचे पैसे फुलवालीला, जेवणाचे आचाऱ्याला. त्यांच्याकडून मी एक सेंटसुद्धा घेत नाही. कुणी म्हणालं घेते, तर माझ्या तोंडावर येऊन सांगा." हे ती वाजवणाऱ्यांसमोर, आचाऱ्यासमोर, रविवारी चर्चनंतरच्या चहालाही बोलून दाखवायची. मुरी गावाच्या बाजूचे मोठे हॉटेलवाले 'आयोजन फुकट' म्हणतात आणि मग फुलवालीच्या, फोटोवाल्याच्या बिलातून आपलं उकळतात, याचा तिला मनापासून राग होता. ती असं बोलली की आजूबाजूची माणसं गालातल्या गालात हसून खाली बघायची. मला वाटायचं, कौतुकानं हसतात.

तिला पैशाचं बोलणं मात्र जमायचं नाही. कुणाशी घासाघीस करायची वेळ आली की मान खाली. नवरा, तेरे, होता तोवर तो बघायचा. तो गेल्यावर तिची चुलत बहीण आकाइती ऑकलंडचा मोडलेला संसार मागे टाकून परत आली. दोघी एकाच आजीच्या हाताखाली वाढलेल्या. मोएरोआनं तिला घरात घेतलं आणि कामातही घेतलं. फोन, तारखा, कुणाला बोलवायचं, कुणाला किती द्यायचं हे आकाइतीकडे. फुलं कुठं लावायची, नवरीची आई रुसली तर काय करायचं, पाऊस आला तर कुठं पळायचं, हे मोएरोआकडे. आकाइती चलाख, हसतमुख आणि कामाला वाघ. सगळ्यांना वाटायचं, देवानंच जोडी लावली.

मोएरोआची मुलगी इना ऑकलंडला शिकून नर्स झाली. तिचं लग्न ठरलं, आणि ते गावातच करायचं ठरलं. नेमकं त्याच आठवड्यात दुसऱ्या एका लग्नासाठी आकाइतीला आइतुताकी बेटावर जावं लागलं. जाताना म्हणाली, "ताई, मी आल्यावर सगळ्यांशी बोलते. तू कशात पडू नकोस."

मोएरोआ मला म्हणाली, "इतकी वर्षं परक्यांच्या पोरींचं केलं. माझ्या पोरीच्या लग्नाचं आमंत्रण दुसऱ्याच्या तोंडून देऊ होय? चल तेउरा, बाजारात जाऊ."

शनिवारचा बाजार भरला होता. पापा ताकी आपल्या टपरीपुढे पोट सोडून बसला होता. आमच्याकडे वडीलधाऱ्यांना सगळे पापा आणि ममाच म्हणतात. आमच्या चर्चच्या गाण्यात सगळ्यात खालचा सूर त्याचा, आणि जमिनीतल्या भट्टीत डुक्कर भाजावं तर त्यानंच. मोएरोआनं त्याला रीतसर आमंत्रण दिलं आणि मग जरा लाजत विचारलं, "पापा, दीडशे पानं होतील. डुक्कर, कोंबडी, नारळाच्या दुधातला अळू, लिंबातली कच्ची मासळी. काय घेशील?"

पापानं आकडा सांगितला. मोएरोआच्या कपाळाला आठी पडली.

"एवढंच? परवा सिडनीवाल्यांना तर केवढं जास्त सांगितलं होतंस. माझ्यासाठी तोटा नको खाऊस हं."

"तोटा कसला? त्यात तुझे असतात ना! आता तुझ्याच पोरीच्या लग्नात तुझे पैसे तुझ्याकडूनच घ्यायचे आणि परत तुलाच द्यायचे? मी म्हातारा झालोय, खुळा नाही झालो." आणि तो पोट हलवत हसला.

"माझे म्हणजे?"

"तुझे पंधरा टक्के."

मोएरोआही हसली. तिला वाटलं म्हातारा चेष्टा करतोय. "कसले पंधरा टक्के रे बाबा? मी कुणाकडून काही घेते का?"

"हो हो, नाही घेत," पापानं माझ्याकडे बघून डोळा मारला. "तू नाही घेत. दर सोमवारी आकाइती येऊन घेऊन जाते."

त्याची बायको शेजारी केळी मांडत होती. तिनं त्याच्या बरगडीत कोपर मारलं. पापानं वर बघितलं आणि मोएरोआचा चेहरा बघून त्याचं हसू जागच्या जागी गोठलं. एवढा धिप्पाड माणूस, पण "अगं... म्हणजे..." एवढंच बोलू शकला.

मोएरोआ वळली आणि सरळ फुलांच्या रांगेत ममा मेतुआपाशी गेली. मी मागे धावले. ममा मेतुआ म्हणजे बेटावर मुकुट विणणाऱ्या बायकांमधली सगळ्यात वडील. मोएरोआ लहानपणी तिच्या मांडीवर खेळलेली.

"ममा, खरं सांग. तू माझ्या लग्नांमधून आकाइतीला पैसे देतेस?"

ममानं विणता विणता वर पाहिलं. "आज हे काय काढलंस? सगळेच देतात."

"सगळे?"

"मी, ताकी, तंबूवाला, फोटोवाला, केकवाली. देतो की. आम्ही तेवढं बिलात वाढवतो. गोऱ्यांच्या खिशाला काय कळतंय!"

"आणि मला कुणी एका शब्दानं विचारलं नाही?"

आता ममानं सुई खाली ठेवली. "बाळ, आकाइतीनंच बजावून सांगितलं होतं. म्हणाली, ताईला स्वतः मागायला लाज वाटते, चर्चमधली बाई आहे, तिच्यासमोर विषय काढू नका. म्हणून आम्ही गप्प राहिलो. एवढी वर्षं तुझी अब्रू राखली गं आम्ही!"

शेजारी नारळाचं रिकामं खोकं होतं. मोएरोआ त्यावर बसली. बाजारात पोरं उकुलेले, आमची चार तारांची छोटी गिटार, वाजवत होती, कुणीतरी येऊन तिच्या गालाचा मुका घेऊन "इनाचं कळलं हं!" म्हणून गेलं.

"म्हणजे मी सगळ्यांसमोर सांगायचे, एक सेंट घेत नाही, तेव्हा तुम्ही..."

ममा मेतुआ सरळ बाई. खोटं बोलायचं तिला सुचलंच नाही. "आम्ही म्हणायचो, बाई खोटं बोलते, पण काय गोड बोलते!"

ती खाली बघून हसणारी सगळी माणसं माझ्या डोळ्यांपुढे आली. पाद्रीबुवासुद्धा.

"कुणी नाही म्हणालंच नाही?" मोएरोआनं विचारलं.

ममानं सुई परत उचलली. "तुपू म्हणाला होता. मग त्याला लग्नं मिळेनाशी झाली."

तुपू हा तेरेचा जिवलग मित्र. तेरेला पुरलं त्या दिवशी थडग्यापाशी उभं राहून संध्याकाळपर्यंत गात होता. मोएरोआच्या पहिल्या सगळ्या लग्नांना त्याचीच वाजंत्री. मग आकाइती सांगायला लागली की तुपू पितो, वेळेवर येत नाही, नवऱ्यामुलाच्या बापाशी भांडला. मोएरोआनं ते खरं धरलं. ती एवढंच म्हणायची, "तेरे असता तर त्याला सुधारलं असतं." रस्त्यात तुपू दिसला तर तो पलीकडे जायचा, आणि हिला वाटायचं, दारूची लाज वाटते म्हणून जातो.

बाजारातून आम्ही घरी गेलोच नाही. तिची व्हॅन तिनं थेट त्या हॉटेलाकडे वळवली जिथं तुपू आता हिरवळ कापायचं काम करतो. तो यंत्र बंद करून उन्हात उभा राहिला. टोपी काढली नाही.

"तुपू, मी तुझ्याकडून पैसे मागितले नव्हते. मला ठाऊकच नव्हतं. आज कळलं."

तो तिच्याकडे बघत राहिला, मग माझ्याकडे. मी मान हलवली.

"ठाऊक नव्हतं?" तो म्हणाला. "तुझ्या घरातून निरोप यायचा आणि तुला ठाऊक नव्हतं? मोएरोआ, आम्ही पाचजण होतो. दोघं काम नाही म्हणून ऑस्ट्रेलियाला गेले, त्यांची पोरं आता आपली भाषा बोलत नाहीत. एकानं उकुलेले विकला. मी माझ्या बायकोला म्हणायचो, तेरेच्या बायकोनं आपल्याला पंधरा टक्क्यांसाठी टाकलं."

"मग येऊन तोंडावर का नाही सांगितलंस? मी सगळ्यांना सांगायचे ना, तोंडावर येऊन सांगा म्हणून!"

"ते ऐकूनच नाही आलो," तुपू म्हणाला. "वाटलं, इतक्या सफाईनं खोटं बोलणाऱ्या बाईशी काय बोलायचं."

मग तो तिथंच हिरवळीवर उकिडवा बसला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. मोएरोआ त्याच्यासमोर उभी. दोघांपैकी कुणाला दुसऱ्याला हात लावायचं सुचलं नाही. शेवटी ती म्हणाली, "इनाच्या लग्नाला ये. वाजवायला नको. नुसता ये."

आकाइती दुपारच्या छोट्या विमानानं परत आली. मोएरोआनं मला थांबवून घेतलं होतं. म्हणाली, "तू इथंच बस. माझ्या हातून काही झालं तर धर मला." मी स्वयंपाकघरात ओट्यापाशी बसले. आकाइती आली ती हसतच. आइतुताकीहून आणलेली मासळी तिनं भांड्यात ठेवली आणि हात धुवायला लागली.

"पापा ताकीशी बोलले मी," मोएरोआ म्हणाली. "ममा मेतुआशी बोलले. तुपूशी बोलले."

नळ चालू राहिला. आकाइतीनं तो हळूच बंद केला, हात पुसले. मला वाटलं आता रडेल, पाय धरेल. ती खुर्ची ओढून बसली.

"बरं झालं. मी पण थकले होते लपवून."

"थकली होतीस? चोर आहेस तू, आकाइती! माझ्या नावावर चोरी केलीस!"

"चोरी नाही, कमिशन. अख्खं जग घेतं. मुरीवाले वीस घेतात. मी पंधरा घेतले."

"मी घेत नाही!"

"तू घेत नाहीस कारण मी घेते," आकाइतीचाही आवाज चढला. "ताई, तुझी फी किती आहे ते कधी बघितलंस का? हॉटेलात चादरी बदलत होतीस तेव्हा ठरवलेली, त्यानंतर एकदाही वाढवली नाहीस. त्या फीवर हे घर चालत होतं असं खरंच वाटत होतं तुला? छप्पर बदललं, कशातून? व्हॅन आली, कशातून? इना ऑकलंडला शिकली, खोलीचं भाडं, पुस्तकं, येणंजाणं, ते कुठून आलं? तू म्हणायचीस देव देतो. देव नाही, पापा ताकी देत होता!"

मोएरोआचं तोंड उघडं राहिलं. मी तिला तेरेच्या थडग्यापाशीही अशी पाहिली नव्हती.

"आणि तुला?" मी मध्येच बोलले. बोलायला नको होतं, पण राहवलं नाही. "तुला काही नाही मिळालं?"

"मिळालं की. ऑकलंडला राहिलेल्या माझ्या मुलाला पाठवत होते. नाही म्हणत नाही मी."

"आणि तुपू?" मोएरोआनं विचारलं. "त्याला दारुडा ठरवलंस. त्यातून कुणाचं छप्पर बदललं?"

आकाइतीनं खिडकीबाहेर बघितलं. म्हणाली, "एकाला सोडलं असतं तर सगळ्यांनीच नाही म्हटलं असतं."

त्याच संध्याकाळी ती पिशवी भरून भावाकडे माटावेराला गेली. मासळी भांड्यात तशीच राहिली. मी ती घरी नेऊन शिजवली, पण आमच्याकडे कुणाला ती गेली नाही.

इनाला फोनवर सांगितलं तेव्हा ती आधी ओरडली, मग गप्प झाली. मग म्हणाली, "आई, म्हणजे माझी नर्सची टोपी ममा मेतुआच्या मुकुटांतून आली?" तिला लग्नच पुढं ढकलायचं होतं. मोएरोआनं ऐकलं नाही. मात्र इनानं एक अट घातली, आकाइतीमावशीला बोलवायचं. "तिनं खोटं केलं असेल, पण मला शाळेत सोडायला ती यायची. आणि मी शिकले तिच्या खोटेपणावरच. मी तिला कुठल्या तोंडानं नाही म्हणू?"

लग्नाआधीच्या रविवारी चर्चनंतरच्या चहाला मोएरोआ उठून उभी राहिली. माणसं नेहमीच्या सवयीनं गालात हसायला लागली आणि मग एकेकाचं हसू विरत गेलं. तिनं सगळं सांगितलं. आकाइतीनं काय केलं तेही, आणि आपलं छप्पर कशातून आलं तेही. म्हणाली, "मला ठाऊक नव्हतं हे खरं आहे. पण मी विचारलंही नाही कधी. घरात पैसा कुठून येतो हे न विचारता मी तुम्हाला प्रामाणिकपणा शिकवत होते. आजपासून कुणी माझ्या नावानं काही मागितलं तर देऊ नका." मग पापा ताकी उठला आणि त्या दणदणीत आवाजात म्हणाला, "मग मीही सांगतो. मी पंधरासाठी वीस वाढवत होतो. वरचे पाच मनस्तापाचे." कुणीतरी फिसकन हसलं, पाद्रीबुवांनी खोकून घेतलं. तेवढ्यापुरतं सगळ्यांना बरं वाटलं.

इनाचं लग्न झालं. मोएरोआनं हट्टानं सगळ्यांना पुरे पैसे दिले, आणि पुरे म्हणजे किती यावरून तंबूवाल्याशी आयुष्यात पहिल्यांदा घासाघीस केली. तुपू आला. मागच्या रांगेत बसला, जेवला, इनाच्या डोक्यावर हात ठेवला आणि नाच सुरू व्हायच्या आधी उठून गेला. आकाइती आली ती थेट मागच्या अंगाला, भांडी घासायला. दिवसभर तिथंच उभी होती. मोएरोआ त्या बाजूला एकदाही गेली नाही.

मोएरोआनं मग फी खरी ठरवली, घर चालेल एवढी. नवरा-नवरी चहा पिता पिता तो आकडा ऐकायचे, एकमेकांकडे बघायचे आणि म्हणायचे, "मुरीच्या हॉटेलात तर आयोजन फुकट आहे." ती समजावून सांगायची की फुकट कसं नसतं. लोक ऐकून घ्यायचे, आभार मानायचे आणि मुरीला जायचे. कामं निम्म्यावर आली. तिनं हॉटेलातल्या आचाऱ्यांच्या गणवेशांना शिवण मारायचं काम घेतलं. माझ्याकडे कधी कुरकुर केली नाही. पण एकदा म्हणाली, "तेउरा, खोट्यावर चालत होतं तेव्हा बरं चालत होतं गं. हे काय आहे?"

आणि आकाइतीनं माटावेरात स्वतःचं काम सुरू केलं. तेच काम. आम्ही तोंडात बोटं घातली. ती नवऱ्या मुलींना सरळ सांगते, "माझी फी थोडी. पण फुलवाली, आचारी, सगळ्यांकडून मी दहा टक्के घेते, ते तुमच्या बिलात असतात." तिच्याकडे कामाची रांग लागली.

बेटाभोवती एकच रस्ता, त्यामुळे दोघींची गाठ रोज पडे. व्हॅन समोरासमोर यायच्या, काचा वर. वर्षभर हेच. मग एका दुपारी मोएरोआ शिवलेले गणवेश पोचवून येत होती आणि समुद्रावरून एकदम वादळी वारा उठला. रस्त्याच्या कडेच्या किनाऱ्यावर आकाइतीचं लग्न लागत होतं. तंबूचा एक खांब उपटला होता, पाहुणे पळत होते आणि आकाइती एकटी दोराला लोंबकळत होती, पाय वाळूतून फरफटत. मोएरोआनं व्हॅन थांबवली, चपला फेकल्या आणि धावत जाऊन दोर धरला. दोघींनी मिळून तो माडाला बांधला. पाऊस कोसळत होता.

"ताई, जेवून जा," आकाइती म्हणाली. वर्षातलं पहिलं वाक्य.

"नको."

तेवढ्यात भिजलेली नवरी हसत हसत आली. मोएरोआनं न राहवून तिला विचारलं, "मुली, ही तुझ्या फुलांतून दहा टक्के घेते. तुला माहीत आहे का?"

"हो," नवरी म्हणाली. "यांनी पहिल्याच दिवशी सांगितलं. का?"

मोएरोआ तशीच ओलीचिंब माझ्या ओसरीवर आली. मी तिला टॉवेल दिला तो तिनं नुसता हातात धरून ठेवला.

"तिनं खरंच सांगितलं होतं, तेउरा," ती म्हणाली. "सांगितलं, आणि त्या पोरीला त्याचं काहीच वाटलं नाही. काहीच नाही!"

मी चहा टाकला. ती समुद्राकडे बघत अधूनमधून नुसती मान हलवत होती.